‘त्सुकिहिमे’ या नावाचा विग्रह कसा कराल?

शरयू_पुणे
नमस्कार मंडळी. आमच्या जपानी अभ्यासगटात दर महिन्याला एकाने एक शीर्षक घेऊन त्यावर बोलायचं असं ठरलंय. पुस्तक, चित्रपट, गेम, काहीही चालतं. कथा सांगत बसायची नाही. नाव उलगडायचं आणि शेवटी त्याचं मराठी करून दाखवायचं. या खेपेला माझी पाळी आहे आणि मी ‘त्सुकिहिमे’ घेतलंय.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ही व्हिज्युअल नॉव्हेल आहे, म्हणजे चित्रं आणि संगीत यांच्या साथीने पडद्यावर वाचत जायची कादंबरी. मध्येमध्ये वाचकाने निर्णय घ्यायचा आणि त्यावरून कथेची वाट ठरते. टाइप-मून नावाच्या हौशी गटाने ती डिसेंबर २००० मध्ये तोक्योच्या कॉमिकेट मेळ्यात विकायला आणली. लेखन किनोको नासू यांचं, चित्रं ताकाशी ताकेउची यांची. वस्तूंची आणि माणसांची ‘मृत्युरेषा’ दिसणारा एक विद्यार्थी आणि एक व्हॅम्पायर राजकन्या, असा अद्भुत-भयाचा मामला आहे. मूळ आवृत्ती फक्त प्रौढांसाठी आहे. २०२१ मध्ये नव्याने केलेली आवृत्ती आली, तिच्यातून प्रौढ प्रसंग वगळले आहेत.

नावात दोनच कांजी आहेत, म्हणजे चिनीवरून आलेली अर्थदर्शक अक्षरं. पहिली ‘त्सुकि’, चंद्र. दुसरी ‘हिमे’, राजकन्या. इंग्रजीवाले ‘मून प्रिन्सेस’ म्हणून मोकळे होतात. मी वहीत ‘चंद्रकन्या’ लिहिलं आणि गेले चार दिवस तो शब्द मला टोचतोय. चुकीचा म्हणता येत नाही, पण बरोबरही वाटत नाही. का, ते सांगता येईना, म्हणून धागा काढला.

ओसाकाकर
‘चंद्रकन्या’ ही जलकन्येची चुलत बहीण वाटते. कमरेखाली चंद्रकोर असावी अशी. :-)
सविस्तर रात्री लिहितो, ऑफिसात आहे.

व्याकरणवेडी
शरयू, प्रश्न फार आवडला. मी तीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं. जपानी येत नाही, पण दोन नामं शेजारी ठेवून मधला प्रत्यय गिळला की काय होतं ते मला चांगलं ठाऊक आहे. हा सरळ सरळ समास आहे, तेव्हा आधी विग्रह करू या.

‘चंद्राची राजकन्या’ म्हटलं की षष्ठी तत्पुरुष. चंद्र हे राज्य किंवा बाप, आणि ही त्याची लेक. ‘चंद्रासारखी राजकन्या’ म्हटलं की कर्मधारय, आपल्या ‘घनश्याम’सारखा. ‘चंद्र हीच राजकन्या’ म्हटलं की तोही कर्मधारयच, पण रूपकाचा, ‘विद्याधन’ मध्ये असतो तसा. ‘चंद्रावरून आलेली राजकन्या’ किंवा ‘चांदण्यात भेटलेली राजकन्या’ म्हटलं तर मध्यमपदलोपी, मधलं अख्खं पद गायब. आणि कुणी हट्टाने ‘चंद्र आणि राजकन्या’ असा द्वंद्व केला तरी मी त्याचे गुण कापणार नाही.

आता तुझी अडचण. ‘कन्या’ शब्द आला की मराठी कान लगेच ‘कुणाची?’ असं विचारतो. राजकन्या राजाची, ऋषिकन्या ऋषीची, हिमालयकन्या हिमालयाची. म्हणजे ‘चंद्रकन्या’ लिहिलंस तेव्हा तू नकळत षष्ठी निवडलीस आणि बाकीची दारं लावून घेतलीस. जपानी नावात ती दारं उघडी आहेत का, ते जाणकारांनी सांगावं.

शरयू_पुणे
बाई, हेच! चार दिवस जे सांगता येत नव्हतं ते तुम्ही एका परिच्छेदात सांगितलंत. जपानीत मध्ये ‘नो’ घालून ‘त्सुकि नो हिमे’ म्हणता आलं असतं. ‘नो’ हा आपल्या चा-ची-चे सारखाच. तो घातलेला नाही. म्हणजे दारं उघडीच आहेत.

रात्रपाळी
मी हे पूर्ण वाचलंय, पाचही वाटा. कथेच्या अंगाने बोलतो. इथून पुढे रहस्यभेद आहे, ज्यांना वाचायचंय त्यांनी हा प्रतिसाद ओलांडा.

कथेत राजकन्या म्हणजे आर्कुएड. तिला ‘शिन्सो’, म्हणजे खऱ्या आद्य व्हॅम्पायरांची राजकन्या म्हटलं जातं. या कुळाच्या मुळाशी जो आहे त्याचं नाव ‘आकाइ त्सुकि’, लाल चंद्र. पण यातला ‘लाल’ नेहमीच्या कांजीने लिहीत नाहीत, हिंगुळाच्या लालीची कांजी वापरतात. देवळाच्या तोरिई कमानींना असतो तो शेंदरी-लाल. म्हणजे ‘चंद्र’ इथे आकाशातला गोळा तर आहेच, शिवाय एका पूर्वजाचं नावही आहे. त्या अर्थाने आर्कुएड ही अक्षरशः चंद्राची राजकन्या. माझं मत षष्ठी तत्पुरुषाला.

पण कथेच्या सुरुवातीला नायकाला यातलं काही माहीत नसतं. रस्त्यात एक बाई दिसते, त्याच्या अंगात काहीतरी संचारतं आणि तो सुरीने तिचे १७ तुकडे करतो. दुसऱ्या दिवशी ती धडधाकट समोर उभी. त्या क्षणी वाचकासाठी ती ‘चंद्राची’ नसते, ‘चंद्रासारखी’ असते. पांढरी, थंड आणि पुन्हा भरून येणारी. अर्थ बदलत जातो, नाव तेच राहतं.

माधवी_ठाणे
माफ करा, पण विचारते. प्रौढांच्या गेमच्या नावावर इतकी चर्चा कशासाठी? जपानीत शीर्षकांची काय कमी आहे?

शरयू_पुणे
माधवीताई, प्रश्न रास्त आहे. त्या काळी जपानमध्ये अशी मोठी, मजकुराने भरलेली कथा हौशी लेखकाला विकायची असेल तर प्रौढ गेमचा बाजार ही एक तयार वाट होती. पुष्कळ वाचक कथेसाठीच येत. मी गटात त्या प्रसंगांबद्दल बोलणार नाही आणि इथेही नको, एवढं पाळू या. नाव मात्र मला खरंच सुंदर वाटतं.

माधवी_ठाणे
पटलं. वाचतेय मग. ते १७ तुकडे मात्र वाचायला नको होते.

कौमुदी
मला गेममधलं काही कळत नाही, पण ‘चंद्रावरून आलेली राजकन्या’ म्हटल्यावर कागुया-हिमेची आठवण कुणीच कशी काढली नाही? ‘ताकेतोरी मोनोगातारी’, बांबू तोडणाऱ्या म्हाताऱ्याची गोष्ट. जपानीतली सर्वांत जुनी कथा म्हणून तिचा मान आहे, हजारेक वर्षांची. बांबूच्या पेरात सापडलेली इवलीशी मुलगी मोठी होते, पाच उमरावांना अशक्य वस्तू आणायला पाठवते, खुद्द सम्राटालाही नकार देते आणि आठव्या महिन्याच्या पौर्णिमेला चंद्रावरून आलेल्या लवाजम्याबरोबर परत जाते.

पाचांतल्या एकाला ती काय आणायला सांगते माहितेय? बुद्धाचं दगडी भिक्षापात्र, तेही तेन्जिकुहून. तेन्जिकु म्हणजे आपला हिंदुस्थान. तो पठ्ठ्या जातच नाही. यामातोच्या डोंगरातल्या एका देवळातलं काजळलेलं भांडं उचलून आणतो आणि पकडला जातो. :-)

सांगायचं असं की जपानी माणसाने ‘चंद्र’ आणि ‘हिमे’ शेजारी शेजारी पाहिले की ही गोष्ट मनात जागी होणारच. आपल्याकडे बालपणी प्रत्येकाने ऐकलेल्या काऊ-चिऊसारखी. तेव्हा मध्यमपदलोपीला माझं मत. त्यांचीही कोजागरी त्याच रात्री असते ना? गवताचे तुरे आणि तांदळाचे गोळे ठेवून चंद्र बघतात.

पंचांगप्रेमी
कौमुदीताई, बाकी सगळं छान, एक छोटी दुरुस्ती. त्यांची ‘जूगोया’ आठव्या चांद्रमासाची पंधरावी रात्र. आपल्या हिशेबाने ती बहुधा भाद्रपद पौर्णिमेला येते. कोजागरी आश्विनात, म्हणजे पुढच्या महिन्यात. २०२३ चं उदाहरण घ्या. जूगोया २९ सप्टेंबरला होती आणि कोजागरी २८ ऑक्टोबरला.

मात्र त्यांच्याकडे नवव्या महिन्याची तेरावी रात्रही चंद्र बघण्याची मानतात, ‘जूसान्या’. ती कोजागरीच्या एक-दोन दिवस आधी येते. पूर्ण भरण्याआधीचा, किंचित उणा चंद्र मुद्दाम बघायचा. ही कल्पना मला फार भावते.

कौमुदी
दुरुस्तीबद्दल आभार. आता आश्विनात दोन दिवस आधीपासूनच दूध आटवायला घेते.

ससुल्या
चंद्र आणि जपान आलं की माझ्या सशाला बोलावंच लागतं. त्यांच्या चंद्रावर ससा मोची, म्हणजे तांदळाचे चिकट गोळे, करायला भात कुटत बसलेला असतो. आपणही चंद्राला शशी, शशांक म्हणतो ते सशामुळेच. दोन्हीकडचा ससा एकाच बिळातला. भुकेल्या पाहुण्याला द्यायला काही नाही म्हणून विस्तवात उडी घेणारा ससा जातककथांत आहे, आणि ती कथा बौद्ध धर्माबरोबर चीनमार्गे जपानात पोहोचली. तिकडच्या ‘कोन्जाकु मोनोगातारी’ या जुन्या कथासंग्रहातही ती आहे.

शीर्षकाशी याचा काय संबंध, तर चंद्राशी आपलं आणि त्यांचं नातं एवढं जवळचं असताना इंग्रजीच्या दारातून आत जायची गरज नाही.

ओसाकाकर
आलो. अकरा वर्षं इथे आहे, त्यामुळे कानाने सांगतो.

शरयू, तुमचा शब्द का टोचतो याचं व्याकरणवेडी बाईंनी दिलेलं कारण बरोबर आहेच. मला दुसरंही एक दिसतं. जपानीत एकाच कांजीचे साधारण दोन प्रकारचे उच्चार असतात. एक घरचा, अस्सल जपानी. दुसरा चिनीवरून आलेला, भारदस्त. चंद्राचा घरचा उच्चार ‘त्सुकि’, चिनी घराण्याचा ‘गेत्सु’. आपल्याकडे ‘चांद’ आणि ‘चंद्र’, ‘हात’ आणि ‘हस्त’, ‘दूध’ आणि ‘दुग्ध’ असतात ना, तसंच. तद्भव आणि तत्सम म्हणा.

आता ‘त्सुकिहिमे’ हे नाव दोन्ही अंगांनी घरचं आहे. त्सुकि घरचा, हिमे घरचा. शेंबड्या पोरालाही कळेल असं. तुमच्या ‘चंद्रकन्या’तले दोन्ही शब्द संस्कृतातून जसेच्या तसे आलेले. म्हणजे त्यांनी घरातल्या पितळी वाटीत दिलं आणि तुम्ही ते चांदीच्या ताटात वाढलंत. चव बदलली नसेल, पण पंगत बदलली.

२००३ मध्ये यावर १२ भागांची अॅनिमे मालिका आली, तिचं नाव होतं ‘शिंगेत्सुतान त्सुकिहिमे’. त्यात हा फरक एका ओळीत दिसतो. आधीचा ‘शिंगेत्सुतान’ पूर्ण चिनी थाटाचा: शिन म्हणजे खरा, गेत्सु म्हणजे चंद्र, तान म्हणजे आख्यान. ‘सत्यचंद्राख्यान’ म्हणा हवं तर. आणि त्याच्या शेजारी साधं, घरगुती ‘त्सुकिहिमे’. दोन्हीकडे चंद्राची कांजी तीच, उच्चार वेगळे. पोथीचं नाव संस्कृतात आणि देवीचं नाव गावच्या बोलीत, असं काहीसं.

व्याकरणवेडी
वा ओसाकाकर! हे मला सुचणं शक्य नव्हतं. म्हणजे शोध ‘चांद’पासून सुरू करायला हवा.

श्रुती_म
ओसाकाकरांनी कानाचा विषय काढलाच आहे तर आणखी एक. ‘त्सुकि’ हा उच्चार चंद्राचा एकट्याचा नाही. ‘त्सुकि’ म्हणजे झपाटणं, अंगात येणं हेही होतं. कोल्ह्याने झपाटलं की ‘कित्सुने-त्सुकि’. आणि ‘त्सुकि’ म्हणजे भोसकणं, खुपसणं. वर रात्रपाळी यांनी काय लिहिलंय बघा: नायकाच्या अंगात काहीतरी संचारतं आणि तो सुरी चालवतो. चंद्र, झपाटणं, भोसकणं, तिन्ही एकाच उच्चारात. मला हा योगायोग वाटत नाही.

रात्रपाळी
श्रुती, मोह मलाही होतो, पण जपून. जपानीत एकाच उच्चाराचे शब्द पोत्याने आहेत. असं ताणत गेलं तर कुठल्याही शीर्षकातून काहीही निघेल. लिहिताना स्वच्छ चंद्राचीच कांजी आहे. लेखकाला श्लेष करायचा असता तर ते अक्षर ‘काना’ या उच्चारदर्शक लिपीत लिहून मोकळं ठेवता आलं असतं.

श्रुती_म
मान्य, लेखकाच्या मनात काय होतं ते मी सांगू शकत नाही. पण हाच लेखक उच्चारांशी खेळतो की नाही? (पुन्हा रहस्यभेद.) नायकाचं नाव ‘शिकि’. त्याच घरात आणखी एक ‘शिकि’ निघतो. उच्चार एक, कांजी वेगळ्या. एकाची ‘निश्चय’ आणि ‘मोलाचं’ अशी दोन अक्षरं, दुसऱ्याची ‘चार ऋतू’. आणि अख्ख्या कथेचा पीळ या दोन शिकींच्या भोवती आहे. कानाला एक, डोळ्याला दोन. अशा लेखकाच्या शीर्षकाकडे मी कान देऊन बसणारच.

आडनाव बघा, ‘तोनो’. इवाते प्रांतातल्या तोनो गावच्या भुताखेतांच्या, कप्पा नावाच्या पाणभुतांच्या, डोंगरातल्या माणसांच्या कथा कुनिओ यानागिता यांनी १९१० मध्ये ‘तोनो मोनोगातारी’ म्हणून छापल्या. लोककथांच्या अभ्यासाची तिकडची गंगोत्रीच ती. आडनावाच्या कांजी त्याच आहेत.

ओसाकाकर
श्रुतींच्या बाजूने एक पुरावा देतो. ‘शिंगेत्सु’ कानाने ऐकलं तर पहिला अर्थ ‘नवा चंद्र’ असा येतो, आणि नवा चंद्र म्हणजे खगोलातली अमावास्या. लिहिलेलं पाहिलं की मग कळतं, अरे, हा ‘नवा’ नाही, ‘खरा’ आहे. म्हणजे ‘शिंगेत्सुतान’ हे ऐकताना अमावास्येचं आख्यान आणि वाचताना खऱ्या चंद्राचं. वर आलेल्या ‘शिन्सो’तला ‘शिन’ही हाच ‘खरा’.

रात्रपाळी
हे मात्र बिनतोड आहे. ‘त्सुकि’बद्दल मी अजून अडून आहे, ‘शिंगेत्सु’बद्दल हरलो.

देवनागरीवेडा
चंद्राच्या कांजीवर एक अवांतर. काळीज, आतडं, छाती अशा शरीराच्या अवयवांच्या कांजींत एका बाजूला चंद्रासारखंच दिसणारं अंग असतं. तो चंद्र नाही, मूळचा ‘मांस’ आहे. लिहिता लिहिता आकार झिजून चंद्रासारखा झाला. जपानीत त्याला ‘निकुझुकि’, म्हणजे ‘मांसचंद्र’ असंच म्हणतात. व्हॅम्पायरच्या कथेला मांसचंद्र!

रात्रपाळी
आता मात्र खरंच ताणताय. :-) शीर्षकातला चंद्र एकटा उभा आहे, अवयवाचा भाग नाही.

देवनागरीवेडा
म्हणून तर अवांतर म्हटलं. पण गटात सांगा शरयूताई, लोकांना आवडेल.

कौमुदी
चंद्रावर पानं भरली, हिमेबद्दल कुणीच बोलत नाही. हिमे म्हणजे राजाचीच मुलगी असं नाही ना? फुजीच्या देवीचं नाव कोनोहानासाकुया-हिमे. ती देवी आहे, पण नावात हिमे आहेच.

ओसाकाकर
बरोबर. जुन्या जपानीत ‘हिमे’ हा थोर स्त्रीच्या नावाला लावायचा मानाचा शब्द. ‘राजकन्या’ हा अर्थ पुढे घट्ट झाला. पुरुषांना त्याच जोडीचा ‘हिको’. व्युत्पत्ती सांगताना हि म्हणजे सूर्य, मे म्हणजे स्त्री आणि को म्हणजे मूल, असा उलगडा करतात. म्हणजे हिमे ही ‘सूर्याची स्त्री’.

आता शीर्षक पुन्हा वाचा. त्सुकि-हिमे. एका शब्दात चंद्र आणि सूर्य दोन्ही. आज बोलताना कुणाच्या डोक्यात हा सूर्य नसतो, जसा ‘गवाक्ष’ म्हणताना आपल्याला बैलाचा डोळा दिसत नाही. पण आहे खरा. त्यातून जपानच्या पुराणात सूर्य ही देवी, आमातेरासु. चंद्र त्सुकुयोमि हा तिचा भाऊ मानतात. तेव्हा चंद्राशी ‘हिमे’ जोडणं हे त्यांच्याही कानाला थोडं उलटं, म्हणूनच मोहक वाटत असावं.

आणि हो, लहान, नाजूक गोष्टींच्या नावाआधीही ‘हिमे’ लावतात. बोराएवढ्या सफरचंदाला हिमेरिंगो म्हणतात.

व्याकरणवेडी
म्हणजे ‘राणी’! आपणही लाडाने लहान मुलीला राणी म्हणतो, मानाने मोठीलाही. शब्दही तद्भव आहे, राज्ञीपासून झिजून आलेला. ‘चांदराणी’ कसं वाटतं?

रात्रपाळी
राणी म्हणजे राजाची बायको नाही का होणार? आर्कुएड राजकन्या आहे. ‘चांदकुवरी’ म्हणा.

व्याकरणवेडी
‘कुवरी’ आज कोण म्हणतं? त्सुकिहिमे शेंबड्या पोराला कळतं असं ओसाकाकर सांगतात. चांदकुवरी समजायला मला माझ्या आजीला उठवावं लागेल.

खगोलमित्र
उशिरा आलो. शीर्षकातला चंद्र नावापुरता नाही, या कथेची बांधणीच चंद्रासारखी आहे. पाच वाटा पाच नायिकांच्या. त्यांपैकी आर्कुएड आणि सिएलच्या दोन वाटांना चंद्राची ‘पुढची बाजू’ म्हणतात. आकिहा, हिसुइ आणि कोहाकु यांच्या तीन वाटा ‘मागची बाजू’. २०२१ च्या नव्या आवृत्तीत फक्त पुढची बाजू आहे, मागच्या बाजूचा दुसरा भाग नंतरसाठी जाहीर केलाय.

खरा चंद्रही आपल्याला एकच बाजू दाखवतो, कारण तो स्वतःभोवती एक फेरी मारतो तेवढ्याच वेळात पृथ्वीभोवतीही एक फेरी पूर्ण करतो. मागची बाजू माणसाने पहिल्यांदा पाहिली ती ऑक्टोबर १९५९ मध्ये, सोव्हिएत ल्युना-३ ने पाठवलेल्या छायाचित्रांत. तोवर कवींना आणि ज्योतिषांना सगळ्यांना अर्धाच चंद्र माहीत होता.

म्हणून म्हणतो, राजकन्या एकच आहे असं धरून चालू नका. पुढच्या बाजूची हिमे आर्कुएड असेल. मागच्या बाजूला, तोनोंच्या त्या बंद वाड्यात, ती कोण आहे? माझ्या मते आकिहा. आणि काही वाचकांच्या मते कोहाकु.

रात्रपाळी
कोहाकु. यावर मी वाद घालायला तयार आहे, पण वेगळा धागा लागेल. खगोलमित्र, तुम्ही सांगितलेलं मी वाचताना अनुभवलं होतं, पण शीर्षकाशी जोडलं नव्हतं. षष्ठीचं मत मागे घेतो. ‘चंद्राची’ म्हटलं की एकटी आर्कुएड उरते, बाकी चौघी वाड्याबाहेर.

शेवटची भर. पाचही वाटा संपल्यावर उघडणाऱ्या समारोपाचं नाव ‘गेश्शोकु’, चंद्रग्रहण.

पंचांगप्रेमी
ग्रहण कुठल्या अक्षरांनी लिहिलंय? साध्या ‘खाणे’ने की...?

ओसाकाकर
जुन्या अक्षराने. आता वर्तमानपत्रांत चंद्रग्रहण लिहिताना ‘चंद्र’ आणि ‘खाणे’ एवढंच लिहितात. या शीर्षकात ‘खाणे’च्या शेजारी कीडा काढलेलं जुनं अक्षर आहे. किड्याने पान कुरतडावं तसा चंद्र कुरतडला जातोय.

पंचांगप्रेमी
अहो, मग आपलं काय वेगळं आहे? खग्रास, खंडग्रास. ग्रास म्हणजे घास! पंचांगात रोज लिहितो आणि लक्षात येत नाही. राहू चंद्राचा घास घेतो. आणि कीड ‘लागते’ तसं ग्रहणही ‘लागतं’. राहू-केतू तर बौद्ध ज्योतिषाबरोबर जपानात गेलेही आहेत, तिथल्या नऊ ग्रहांत ‘रागो’ आणि ‘केइतो’ म्हणून बसलेत.

माधवी_ठाणे
मी हा धागा बंद करा म्हणणार होते, आता चहा गार झाला तरी उठवत नाहीये.

भिंगारकर
सगळं वाचलं. मला जपानी येत नाही, गेमही माहीत नाही. पण तुम्ही इतका वेळ ‘चांद’ला कोण जोडावी म्हणून शोधताय आणि आमच्या नगरची बाई कुणाला आठवत नाही, याचं नवल वाटलं. चांदबीबी! चांद अधिक बीबी. हुसेन निजामशहाची लेक, म्हणजे खरीखुरी राजकन्या. विजापूरच्या अली आदिलशहाला दिलेली. १५९५-९६ मध्ये मोगलांचा वेढा पडला तेव्हा तिने नगरचा किल्ला लढवला. आमच्याकडे पोरापोराला माहीत आहे.

आता मला सांगा, चांदबीबीचा विग्रह कुणी करतं का? चांदाची बीबी की चांदासारखी बीबी? चारशे वर्षांत कुणी विचारलं नाही. नाव म्हणून उभं आहे. डोंगरावर ज्याला सगळे चांदबीबीचा महाल म्हणतात ती तर सलाबतखानाची कबर आहे, पण लोकांच्या तोंडी नाव तिचंच.

शरयू_पुणे
भिंगारकर काका, तुमचा प्रतिसाद वाचून मी वही मिटली आणि गॅलरीत जाऊन उभी राहिले. मी ज्याला जपानी नावाचं कोडं समजत होते तशीच घडण आपल्या इतिहासात चारशे वर्षं आहे, आणि मला ती दिसली नाही. कारण मी ‘मून प्रिन्सेस’वरून सुरुवात केली होती.

मी काय ठरवलं ते सांगते. ‘चांदराणी’ घेतेय, व्याकरणवेडी बाईंचं. रात्रपाळी, राणीबद्दलची तुमची हरकत पटते, पण हिमेतला लाड आणि मान दोन्ही ‘राणी’त उतरतात, ‘कुवरी’त दोन्ही हरवतात. जोडाक्षर एकही नाही, प्रत्यय नाही, दारं उघडी.

तरी खात्री करावी म्हणून काल रात्री आजीला सहज म्हटलं, “आजी, ‘चांदराणी’ नावाची गोष्ट आहे.” ती वाती वळत होती. मान वर न करता म्हणाली, “चांदाची राणी का गं, की चांदासारखी?”

मी काही उत्तर दिलं नाही. सादरीकरणाची सुरुवात याच प्रश्नाने करणार आहे. शनिवारी संध्याकाळी सहाला आहे, ऑनलाइन दुवा उद्या इथेच देते.

ओसाकाकर
आमच्याकडे रात्रीचे साडेनऊ होतील. नक्की येतो. आणि पुढच्या पाळीसाठी आत्ताच सुचवून ठेवतो: याच कथेचा २००१ चा पुढचा भाग, ‘कागेत्सु तोया’. गाणं, चंद्र, दहा, रात्र अशा चार कांजी. कादंबरीकार सोसेकींच्या १९०८ च्या ‘युमे जूया’ची, दहा रात्रींच्या स्वप्नांची आठवण येते. तिथे दहाचा उच्चार ‘जू’, इथे ‘तो’. एक चिनी घराण्याचा, एक घरचा.

व्याकरणवेडी
दहा रात्री म्हणजे द्विगू! तो धागा मी काढणार.